भोंग्यावरचं नाव

धनेशराव मढवींचं म्हणणं असं, की त्यांना आयुष्यात कधी कुणाचा हेवा वाटला नाही. हे वाक्य ते बोलले की त्यांच्या बायकोला, निशाला, हटकून खोकला येतो. पण त्यांची बाजूही ऐकून घ्या. शेजाऱ्याची गाडी, मित्राचं फार्महाऊस, साहेबाचं प्रमोशन हे सगळं त्यांनी मोठ्या मनाने सोडून दिलेलं. जीव अडकला होता तो फक्त साडूत. साडू म्हणजे अनिश भोईर, निशाच्या धाकट्या बहिणीचा नवरा. वर्तकनगरला राहणार, जिमवाल्यांना प्रोटीनचे डबे विकणार आणि धनेशरावांना "दादा" म्हणून हाक मारणार. त्या "दादा"त मान कमी आणि वय जास्त असतं, असं धनेशरावांना वाटायचं.

दोघांचे सासरे दामाजी केणे, शीळफाट्याजवळचे जुने शेतकरी. शेतं गेली, त्यांच्यावर टॉवर उभे राहिले, पण घरामागचा गोठा म्हाताऱ्याने सोडला नव्हता. गोठ्यात एकच जनावर, गुलाब नावाचा शर्यतीचा बैल. आमच्याकडच्या आगरी माणसाचं आणि शर्यतीच्या बैलाचं काय असतं ते बाहेरच्याला सांगून कळायचं नाही. पोरगा बारावीला गटांगळी खातो, घर त्याला समजून घेतं. बैल हरला तर मात्र त्या घरात चूल पेटत नाही.

गावदेवीच्या जत्रेला शर्यत असते. बैल सुटायच्या आधी भोंग्यावरून पुकारा होतो, आधी बैलाचं नाव, मग मालकाचं, आणि ते नाव पार हायवेपर्यंत ऐकू जातं. दामाजींचे गुडघे गेले होते आणि मुलगा नव्हता. तेव्हा या वर्षी गुलाब जावयाच्या नावाने पळेल, असं त्यांनी जाहीर केलं. कुठल्या जावयाच्या, असं निशाच्या आईने, मनुबाईने, विचारलं. म्हातारा म्हणाला, "ज्याला बैलाचा खरा नाद हाय, त्याचा नाव सांगीन."

धनेशराव थोरले जावई. ते नाव आपलंच, यात त्यांना शंका नव्हती. आता, गुलाबच्या गोठ्याच्या दारापलीकडे ते कधी गेले नव्हते हे खरं आहे. एकदा गेले तेव्हा गुलाबने त्यांच्या शर्टाची बाही चाटली आणि पुढचा सबंध दिवस त्यांनी तो हात अंगापासून लांब धरून काढला. पण अनिश तरी कुठे शेण काढायला जात होता? तोही जायचा, सेल्फी काढायचा आणि बाहेर येऊन बूट झटकायचा. म्हणजे नादाच्या बाबतीत सामना बरोबरीचा होता, आणि बरोबरीत थोरला जिंकतो, असा धनेशरावांचा हिशेब होता.

तो हिशेब एका रविवारी जेवणानंतर फिसकटला. पडवीत अनिश सासऱ्यांना चिकटून बसला होता आणि दोघं मिळून त्याच्या मोबाईलमध्ये बघत होते. "छकडा किंग" नावाचा गेम होता. त्यात आपण बैल विकत घ्यायचा, त्याला खुराक घालायचा, शर्यतीत उतरवायचा. पैसे खरे, बैल खोटा. अनिशच्या बैलाचं नाव सुलतान. त्याने शर्यत मारली की मोबाईलमधून भोंगा वाजायचा आणि एक बाई खणखणीत आवाजात पुकारायची की वर्तकनगरचे अनिशशेठ भोईर यांचा सुलतान पहिला. दामाजी गुडघ्याचं दुखणं विसरून मांडीवर थाप मारत होते. सुलतानची छाती बघा, खांदा बघा, चाल बघा, म्हणत होते. धनेशराव समोर उभे होते, पण ते आल्याचं कुणाच्या लक्षात आलं नाही. सुपारी मागितली तर म्हाताऱ्याने न बघताच डबा सरकवला, तोही रिकामा.

घरी येताना रिक्षात धनेशराव म्हणाले, की माणसं किती पोरकट असतात नाही. निशाला खोकला आला.

दुसऱ्या दिवशी ऑफिसच्या वॉशरूममध्ये उभं राहून त्यांनी छकडा किंग डाउनलोड केला. इथे एक सांगायला हवं. धनेशराव वागळे इस्टेटमधल्या पंपाच्या कंपनीत पर्चेस ऑफिसर आहेत. चार पार्ट्यांची कोटेशनं मागवल्याशिवाय त्यांनी कधी साधा वॉशर घेतलेला नाही, आणि त्यांना बघितलं की सप्लायर लोक आधीच दर चढवून ठेवतात. असा हा माणूस. त्याने पहिला बैल घेतला तो विदाऊट कोटेशन, लंच टाइममध्ये, एका हातात पोळीची गुंडाळी धरून.

नाव ठेवलं वादळ. पण फुकटात मिळणाऱ्या बैलाला वादळ म्हणणं ही शुद्ध फसवणूक होती. तो पळताना मध्येच उभा राहायचा. मग खुराक घ्यावा लागला, मग चांगला खुराक. मग शिंगांना रंग, कपाळाला बाशिंग, पाठीवर झूल. शेवटी वादळ बाजूला काढून त्याच नावाचा दुसरा, खानदानी बैल घेतला, कारण पहिल्याचं कूळच हलकं होतं असं गेमने त्यांच्या लक्षात आणून दिलं. अंगात भिनलेला पर्चेसवाला अधूनमधून जागा व्हायचा. त्यांनी गेमच्या कंपनीला ईमेल करून खुराकावर घाऊक सवलत आणि पक्कं बिल मागितलं. उत्तर आलं, "प्रिय बैलप्रेमी, आपला प्रश्न आम्हाला महत्त्वाचा वाटतो." सोबत मूठभर गुलाल फुकट. इतका अपमान त्यांचा कुठल्या सप्लायरने केला नव्हता.

बँकेतून एका मुलीचा फोन आला. हे व्यवहार तुम्हीच करताय का, असं तिने अगदी प्रेमाने विचारलं. हल्ली वयस्कर लोकांना मोबाईलवरून फसवतात सर, घरात कुणी तरुण माणूस असेल तर त्यांना फोन द्या, म्हणाली. धनेशरावांची पन्नाशी अजून व्हायची होती. बैल मीच घेतोय आणि पूर्ण शुद्धीत घेतोय, असं त्यांनी तिला ठणकावलं.

खरा घोळ सोसायटीत झाला. डोंबिवलीतल्या त्यांच्या सोसायटीत वरच्या मजल्यावर वासंतीताई राहतात, निवृत्त शिक्षिका. एके संध्याकाळी त्या आणि धनेशराव एकाच लिफ्टमध्ये सापडले. धनेशराव गेमच्या हेल्पलाइनवर होते. माझा बैल कालपासून एकाच जागी उभा आहे, खात नाही, हलत नाही, पैसे मात्र सगळे घेतलेत, असं ते कळवळून सांगत होते. वासंतीताईंनी मजला येईपर्यंत ऐकून घेतलं. मग त्यांना राहवेना.

"मढवी, मुकं जनावर आहे ते. डॉक्टरला दाखवा. फोनवर बोलत काय बसलात?"

झालं. दिवे लागायच्या आत बिल्डिंगभर झालं की मढवींनी बैल आणलाय आणि तो आजारी आहे. सेक्रेटरी हर्षित कमिटीच्या दोघांना घेऊन हजर झाला. बैल स्टिल्ट पार्किंगमध्ये बांधणार असाल तर उपविधींप्रमाणे जनरल बॉडीची मंजुरी लागेल, पार्किंगचा चार्ज टू-व्हीलरचा लावायचा की फोर-व्हीलरचा हेही ठरवावं लागेल, असं तो गंभीरपणे म्हणाला. दुसऱ्याने शेणाचा प्रश्न काढला. तिसऱ्याने बाहेर पडताना हळूच विचारलं, की गोवऱ्या मिळतील का, वास्तुशांत आहे.

धनेशरावांना एका वाक्यात सगळं मिटवता आलं असतं. बैल मोबाईलमध्ये आहे, इतकंच सांगायचं होतं. पण ते वाक्य त्यांच्या गळ्यातून वर येईना. खरा बैल लिफ्टने वर आणणारा माणूस वेडा ठरतो, पण त्याला थोडा तरी मान असतो. खोट्या बैलाला खऱ्या पैशाची पेंड घालणाऱ्याला काय म्हणायचं? तेव्हा बैल सासऱ्यांच्या गोठ्यात आहे, शर्यतीचा आहे, आता त्याला बरं वाटतंय, असं त्यांनी सांगून टाकलं. गंमत म्हणजे दुसऱ्या दिवसापासून वॉचमन त्यांना उठून सलाम करायला लागला. मढवींचा शर्यतीचा बैल आहे, असं लोक मागे बोलायचे आणि धनेशराव चाल संथ करून ते ऐकायचे.

आणि बघता बघता वादळ पळायला लागला. तालुक्याच्या यादीत तो सुलतानच्या थेट खाली येऊन बसला. अनिशचा फोन आला. आवाजात साखर होती, पण दात आवळलेले कळत होते. दादा, तुमचा बैल बघितला, बरा आहे, म्हणाला. त्या "बरा"ने धनेशरावांना जी झोप लागली तशी लग्नाच्या आधीही लागली नव्हती. सकाळी उठून त्यांनी अनिशला बिनजोडचं आव्हान दिलं. बिनजोड म्हणजे समोरासमोरची शर्यत, तिसरा कुणी नाही. जागा सासऱ्यांची पडवी, पंच सासरे, आणि जिंकेल त्याचं नाव जत्रेत गुलाबच्या पुकाऱ्याला. दामाजींनी लगेच हो म्हटलं. खोटा बैल का होईना, बिनजोड नाकारणं त्यांच्या रक्तातच नव्हतं.

रविवारी पडवी भरली. दामाजींनी फेटा बांधला होता. दोन मोबाईल पाटावर ठेवले होते, पाटाभोवती रांगोळी होती. मागे गोठ्यात गुलाब एकटाच दावणीला होता आणि पाण्यासाठी हंबरत होता, पण तिकडे जायला कुणाला सवड नव्हती. बैल सोडायची वेळ झाली आणि मनुबाई तबक घेऊन बाहेर आल्या. त्या म्हणाल्या, "कुकू लावल्याबिगर या घरातना बैल सुटला नाय कदी." मोबाईलमधला असला म्हणून काय झालं, शर्यतीला तर निघालाय. कुणालाच यात काही वावगं वाटलं नाही. धनेशरावांना तर भरून आलं.

मनुबाईंनी आधी सुलतानला ओवाळलं. काचेवर त्याच्या कपाळाच्या जागी कुंकू लावलं. मग त्या वादळकडे वळल्या. नेमक्या त्याच क्षणी वादळच्या कपाळावर एक पाटी उघडली. कुणीतरी वादळला मागणी घातली होती, भाव अगदी पडेल, आणि मधोमध बटण होतं, सौदा मान्य. मनुबाईंना वाचता येत नाही. आयुष्यभर बैलांच्या कपाळाला कुंकू लावलेलं त्यांचं बोट, बैल मान हलवतो म्हणून ते दाबूनच टेकवायचं, ही सवय. त्यांनी बरोबर मध्यभागी, घट्ट, कुंकू टेकवलं.

भोंगा वाजला. बाईने खणखणीत आवाजात पुकारलं, की वादळचे नवे मालक वर्तकनगरचे अनिशशेठ भोईर.

अनिश लाल झाला. ज्या दिवशी "बरा आहे" म्हणाला त्याच दिवशी त्याने गुपचूप मागणी टाकून ठेवली होती आणि रोज तीच पुन्हा टाकत होता. म्हणजे सुलतान दारात असताना हा माणूस वादळसाठी जळत होता. हे कळल्यावर धनेशरावांना क्षणभर इतकं गार वाटलं, की बैल गेल्याचं त्यांच्या जरा उशिराच लक्षात आलं. मग मात्र ते उसळले. सौदा खोटा आहे, बोट सासूबाईंचं आहे, बैल परत पाहिजे. अनिश म्हणाला, की गेममध्ये घेतलेला बैल महिनाभर विकता येत नाही. दोघं सासऱ्यांकडे वळले.

दामाजींनी फेटा सारखा केला. बैलबाजारात उभी हयात गेलेला माणूस. त्यांच्यापुढे एकच कायदा होता, घरच्या बाईने कपाळाला कुंकू लावून बैल दुसऱ्याच्या हवाली केला की तो गेला, मग बाप आला तरी मागे घेता येत नाही.

"कुकू लागला," ते म्हणाले. "सौदा झाला. बैल धाकल्या जावयाचा."

धनेशराव न जेवता निघाले. रिक्षात बसल्यावर निशाने विचारलं, "आपल्या किचनच्या ट्रॉल्यांच्या पैशाचा होता ना तो?" तिला कसं कळलं, असं त्यांनी विचारलं. बँकेचे मेसेज पहिल्या दिवसापासून तिच्याच मोबाईलवर येत होते. तू मला अडवलं का नाहीस, म्हणून धनेशराव तिच्यावरच चिडले. ती म्हणाली, "अहो, इतक्या वर्षांत तुम्हाला पहिल्यांदाच कशाचा तरी नाद लागलेला. मला वाटलं, लागू दे."

पुढे कितीतरी दिवस त्यांनी सासुरवाडीचं तोंड बघितलं नाही. जत्रा तोंडावर आली तसा जीव खालीवर व्हायला लागला. बिनजोड झालीच नव्हती, म्हणजे अनिश जिंकलेला नव्हता, म्हणजे नाव अजून मोकळं होतं, असा मुद्दा तयार करून ते एका सकाळी शीळफाट्याला जाऊन थडकले. दारात अनिशची गाडी उभी होती. तोही आपला मुद्दा घेऊन आला होता.

पडवीत दामाजी नवा कोरा मोबाईल घेऊन बसले होते. तालुक्याच्या यादीत सुलतानच्या वर, वादळच्या वर, एक पांढराशुभ्र बैल उभा होता. शिंगं सोन्याची. नाव गुलाब, मालक दामाजी केणे.

आतून मनुबाई म्हणाल्या, की गोठा बघून या. दोघं मागे गेले. दावं खुंटीला होतं आणि गव्हाणीत अर्धवट खाल्लेली वैरण होती. म्हाताऱ्याने गुलाब दलालाच्या हाती विकला होता आणि त्याच पैशातून मोबाईलमधला गुलाब घेतला होता. कुणी घेतला, कुठे गेला, हेही विचारलं नव्हतं. दोघा जावयांनी तोंड उघडायच्या आत दामाजी मागून लंगडत आले आणि चिडून बोलायला लागले. मोबाईलवर तुमच्या बैलांना रोज शेकड्यांनी लोक रामराम घालतात, माझ्या गुलाबला बघायला वर्षात किती आले? तुम्ही दोघं तरी आलात का? आता बघा, सकाळपासून किती रामराम आलेत. बोलता बोलता त्यांचा आवाज फाटला. मनुबाई आत तोंडाला पदर लावून बसल्या होत्या. शेण काढायचं सुटलं, असं निशाला फोनवर सांगताना त्या रडल्या होत्या, हे धनेशरावांना मागाहून कळलं.

आपल्याला वाईट वाटलं पाहिजे हे धनेशरावांना समजत होतं. वाटलंही, ते रिकामं दावं बघितल्यावर. पण खरं सांगतो, त्याच्या आधी त्यांची नजर मोबाईलवर गेली होती, आणि ती सोन्याची शिंगं म्हाताऱ्याला कशी मिळाली, आपल्याला का नाही, हा प्रश्न आधी मनात आला होता. शेजारी अनिश उभा होता. त्याचं तोंड बघून कळत होतं की त्याच्याही मनात तेच आलंय.

जत्रेला तिघंही गेले. जाऊ नये असं तिघांनाही वाटत होतं आणि घरी राहवतही नव्हतं. मैदानाच्या कडेला दोरीला धरून उभे राहिले. भोंगा खरखरला आणि पुकारा झाला. गुलाब. मालकाचं नाव अंबरनाथकडचं कुणीतरी, आणि पुढे, त्यांचे जावई अमुक अमुक यांच्या हस्ते. दामाजींची दोरीवरची मूठ आवळली गेली. गुलाब सुटला तो असा, की धूळ बसायच्या आत शर्यत संपली होती. हायवेपर्यंत नाव गेलं, गुलाल उधळला, आणि भोंग्यावरचा माणूस त्या परक्या सासऱ्या-जावयाचं नाव पुन्हा पुन्हा घेत राहिला. दामाजी "माझा, माझा" म्हणत होते, पण ढोलांमध्ये ते शेजारच्यालाही ऐकू गेलं नसेल. इतकी वर्षं अनिशचा हेवा केला तो किती किरकोळ होता, हे धनेशरावांना तेव्हा कळलं.

म्हातारा दोरीखालून आत घुसला. दोघं जावई त्याला सांभाळायला मागोमाग गेले. दामाजींनी जाऊन गुलाबच्या पाठीवर हात ठेवला आणि गुलाबने मान वळवून त्यांचा खांदा हुंगला. नव्या मालकाचा जावई, गुलालाने माखलेला तरणा पोरगा, बैलाला खेटून सासऱ्याच्या गळ्यात हात टाकून उभा होता. त्याने समोर कोण उभं आहे ते बघितलं आणि आपला मोबाईल धनेशरावांच्या हातात दिला.

"काका, आमचा एक फोटो काढा ना. बैल पूर्ण आला पाहिजे." मग तो दामाजींना अगदी नम्रपणे म्हणाला, "बाबा, तुम्ही जरा बाजूला व्हा, मध्ये येताय."

दामाजींनी हात काढला. अनिशने त्यांना दंडाला धरून बाजूला घेतलं. धनेशरावांनी मोबाईल वर धरला, दोन पावलं मागे गेले आणि फोटो काढला. बैल पूर्ण आला होता. पोरगा येऊन फोटो बघून गेला आणि म्हणाला, काका, अजून एक काढा, माझे डोळे मिटलेत.

धनेशरावांनी अजून एक काढला.